सरावाची आई

"पदर घ्या, कुलथे," रंगनाथराव म्हणाले.

मी पदर घेतला. म्हणजे खुर्चीच्या पाठीवरचा पंचा उचलून डोक्यावरून घेतला आणि त्याचं टोक दातांत धरलं. माझं वय तेव्हा चौतीस होतं, मला मिशी होती, आणि समोर पाणीपुरवठ्याचे एक अभियंता घाम पुसत बसले होते.

"विचारा आता."

"साहेब," मी म्हणालो, "आठ दिसातून एकदा नळाला पाणी येतंय, त्यात बी आळ्या. लेकरं आजारी पडली. तुमी पिऊन दाखवता का?" आणि खिशातून एक बाटली काढून टेबलावर आपटली.

अभियंता बाटलीकडे बघत राहिले. मग म्हणाले, "सदर पाण्याचे नमुने प्रयोगशाळेकडे—"

"मेलात," रंगनाथराव म्हणाले. "अहो, बाई बाटली घेऊन आली की आधी बाटली आपल्या हातात घ्यायची. आपल्या हातात आली की ती बाईची राहत नाही. मग तिचं नाव विचारायचं. नाव घेऊन बोललं की माणूस अर्धा मऊ पडतो. उरलेला अर्धा पाणी देऊन. पिताना कुणाला बोलता येत नाही. चला, पुन्हा."

मी बाटली खिशात घातली, पदर सारखा केला आणि पुन्हा चिडलो.

हा माझा धंदा होता. दिवसा मी सरकारी दूरचित्रवाणी केंद्रात कंत्राटी निर्मिती सहायक होतो, आणि आठवड्यातले तीन दिवस पाचनंतर रंगनाथराव कोठुळे यांच्या 'संवाद-साधना' या संस्थेत. संस्था दातांच्या दवाखान्याच्या वरच्या मजल्यावर होती. कार्डावर माझा हुद्दा 'प्रशिक्षण सहायक' असा छापला होता. प्रत्यक्षात मी जनता होतो. मी विधवा झालो, प्रकल्पग्रस्त झालो, परीक्षा पुढे ढकललेला विद्यार्थी झालो, एकदा तर तीन वॉर्डांची मिळून संतप्त महिला आघाडी झालो. अधिकारी, सभापती, कारखान्यांचे संचालक माझ्यावर हात साफ करून घेत आणि मग खऱ्या जनतेपुढे जात. मी चांगला होतो. खोटं कशाला बोलू, मी फार चांगला होतो. मला पाहिजे तेव्हा डाव्या डोळ्यातून पाणी यायचं.

रंगनाथराव दोनदा आमदार आणि दीड वर्ष राज्यमंत्री होते. तिसऱ्या निवडणुकीआधी एका पूरग्रस्त गावात एक म्हातारी त्यांच्यापुढे रडायला लागली, तेव्हा ते म्हणाले, "रडायचं असेल तर घरी रडा, इथं निवेदन द्या." माईक चालू होता. अठरा हजारांनी पडले. एका वाक्यानं घर बुडालं, म्हणून उरलेलं आयुष्य त्यांनी वाक्यं विकून काढलं. आणि माणूस हुशार. हरल्यावर दुसरे दारू पितात, देवळं बांधतात. रंगनाथरावांनी अभ्यास केला. कुठं थांबायचं, कुठं चष्मा काढायचा, कुठं 'मी' म्हणायचं आणि कुठं 'आपण', याच्या त्यांनी वह्या भरल्या. जुन्या ओळखीतून सरकारी वाहिनीवर त्यांना कार्यक्रम मिळाला, 'समोरासमोर'. दर गुरुवारी संध्याकाळी सहा वाजता, अर्धा तास, थेट प्रक्षेपण. एका बाजूला अधिकारी, दुसऱ्या बाजूला नागरिक, मध्ये रंगनाथराव.

म्हणजे सोमवार ते बुधवार ते अधिकाऱ्यांना उत्तरं शिकवत आणि गुरुवारी त्यांनाच प्रश्न विचारत. याला कुणी आक्षेप घेतला नाही. आक्षेप घेऊ शकणारे बहुतेक आमच्याकडे शिकून गेले होते.

त्या फेब्रुवारीत आश्रमशाळांवर कार्यक्रम ठरला. खात्याचे प्रकल्प अधिकारी मुळगुंद येणार होते आणि त्यांनी आमच्याकडे बुधवारचा सराव आधीच ठरवून ठेवला होता. नागरिकांची निवड माझ्याकडे असायची. आलेल्या पत्रांतून मी तीन काढली. एक पत्र जेवणातल्या आळ्यांबद्दल होतं, दुसरं गळणाऱ्या छपराबद्दल. तिसरं पोस्टकार्ड होतं. खिरवडीच्या इंदुबाई धिंदळे यांचं, मास्तरी अक्षरात कुणाकडून तरी लिहून घेतलेलं: 'माझी मुलगी वैजंता, इयत्ता सातवी, आश्रमशाळेत मयत झाली. मला एकच प्रश्न विचारायचा आहे.'

मंगळवारी मी तिला पूर्वतयारीसाठी केंद्रावर बोलावलं. ती पहाटेच्या एसटीनं आली होती. कॅन्टीनमध्ये कोपऱ्यातल्या टेबलाशी, पिशवी मांडीवर धरून बसली होती. तिशी ओलांडलेली असेल. मी चहा मागवला. तिनं कपाला हात लावला नाही.

"तिथं मला बोलता यायचं न्हाई, दादा," ती म्हणाली. "चौथी शिकले मी. अक्षर लावून लावून वाचते."

"तुम्ही मला सांगा तसंच तिथं सांगायचं. प्रश्न काय आहे?"

"प्रश्न लहान हाय. पण आधी सगळं सांगावं लागंल."

तिनं सांगितलं. दिवाळीची सुट्टी संपल्यावर सतरा नोव्हेंबरला तिनं वैजंताला शाळेत सोडलं. दोन डिसेंबरला वैजंता गेली. दोन दिवस तापानं फणफणत वसतिगृहात पडून होती, दवाखान्यात कुणी नेलं नाही. पण इंदुबाई त्याबद्दल बोलायला आली नव्हती. ती एका ओळीबद्दल बोलायला आली होती. चौकशी झाली, अहवाल निघाला, आणि अहवालात एक ओळ होती: विद्यार्थिनी घरूनच आजारी अवस्थेत आली होती व पालकांनी ही बाब लपवली.

"ती वळ सरपंचानं गावात वाचून दाखवली," इंदुबाई म्हणाली. "तवापासून सासू मपल्या हातचं खात न्हाई. नवरा बोलत न्हाई. म्हनतो, सरकारनं लिव्हलंय म्हंजी खरंच असंल. लहानी हाय एक, आठ वर्साची. ती परवा मला म्हनली, आये, तू ताईला आजारी का पाठावलं?"

ती रडली नाही. मी व्यवसायानं ही गोष्ट टिपून ठेवतो. ती फक्त पिशवीचा बंद बोटाला गुंडाळायची, सोडायची, गुंडाळायची.

"तेवढी वळ खोडा म्हनायचंय. दुसरं काय बी नको."

"त्यांनी पुरावा मागितला तर?"

तिनं पिशवीतून वहीचं पुठ्ठ्याचं कव्हर काढलं. त्यात एक प्रमाणपत्र होतं. तालुकास्तरीय क्रीडा स्पर्धा, मुली, आठशे मीटर धावणे, प्रथम क्रमांक, कु. वैजंता धिंदळे. तारीख एकोणतीस नोव्हेंबर. खाली निळ्या शाईत सही: मुळगुंद, प्रकल्प अधिकारी.

मी ते दोनदा वाचलं.

"हे त्यांनीच दिलं?"

"त्यांच्याच हातानं. तिच्या मैतरनींनी सांगितलं, साहेबानं पाठ थोपाटली. मंग मी इचारनार, मपली पोर घरून आजारी आली म्हनता, तर मेली त्याच्या तीन दिस आधी पळायचं बक्षीस तुमच्याच हातानं कसं दिलंत?"

कॅन्टीनच्या घड्याळाकडे नकळत माझी नजर गेली. सवय. अकरा सेकंद लागले होते. आठ वर्षांत 'समोरासमोर'मध्ये इतका नेटका प्रश्न कुणी विचारला नव्हता. 'माझी' नाही, 'मपली'. तो शब्द ती दातांमागून ढकलून काढायची. तेही मी टिपलं.

"इंदुबाई, आता मी सांगतो ते ऐका," मी आवाज खाली आणला. "हा कागद कुणालाही दाखवायचा नाही. स्टुडिओत शिरताना नाही, मेकअपच्या खोलीत नाही. थेट कार्यक्रमात काढायचा, प्रश्न विचारायचा, आणि गप्प बसायचं. त्यांना बोलू द्यायचं."

"तुमी हायेत ना तिथं?"

"मी कॅमेऱ्याच्या शेजारीच उभा असतो."

"मंग झालं," ती म्हणाली आणि गार झालेला चहा एका दमात प्याली.

नोंदीसाठी लागतं म्हणून मी प्रमाणपत्राची झेरॉक्स काढून घेतली. नोंदीसाठी काहीही लागत नव्हतं.

बुधवारी मुळगुंद आले. गोरे, नीटनेटके, पुस्तकं वाचणारे गृहस्थ. वही आणि दोन पेनं घेऊन विद्यार्थ्यासारखे बसले. माझी ओळख करून दिल्यावर उठून हात मिळवला. पहिल्या फेरीत मी जेवणातल्या आळ्या झालो. त्यांनी त्या मऊपणे बाजूला केल्या. दुसऱ्या फेरीत मी गळणारं छप्पर झालो. तेही त्यांनी स्वतः लक्ष घालून दुरुस्त केलं.

"आता आई," रंगनाथराव म्हणाले. "पदर घ्या, कुलथे."

मी पदर घेतला. पिशवी म्हणून लॅपटॉपचं कव्हर मांडीवर घेतलं आणि त्याचा बंद बोटाला गुंडाळू लागलो. "साहेब, मपली पोर..." मी सुरुवात केली.

रंगनाथराव पुढे वाकले. "कुठला आवाज हा? नवीन आहे."

"कालच आलाय," मी म्हणालो.

पण मुळगुंद भारी होते. मी ताप सांगितला, त्यांनी माझं नाव विचारलं. मी दवाखाना काढला, त्यांनी मला पाणी दिलं. मी अहवालातल्या ओळीपाशी आलो, तेव्हा ते चष्मा काढून म्हणाले, "ताई, अहवाल माणसं लिहितात. तुमचं दुःख कुठल्या अहवालात मावणार?" आणि रंगनाथरावांनी चक्क टाळी वाजवली.

"आई हरली," ते मला म्हणाले. "म्हातारे झालात, कुलथे."

मला हे सहन झालं नाही. त्याला दुसरं कारण नाही, आणि मी वीस वर्षं शोधलं आहे. माझ्या आठ वर्षांच्या धंद्यात माझी आई कधी हरली नव्हती.

मी कव्हरमध्ये हात घातला आणि झेरॉक्स काढली. टेबलावर ठेवली, तारखेवर बोट ठेवलं, आणि तिच्याच आवाजात, तिच्याच दातांमागून, तो अकरा सेकंदांचा प्रश्न विचारला. डाव्या डोळ्यातून पाणी आलं. ते मी बोलावलं नव्हतं, पण आलं म्हणून घेतलं.

खोलीत खालच्या दवाखान्यातली ड्रिलची घरघर ऐकू आली. मुळगुंद सहीकडे बघत होते. त्यांचा चेहरा पहिल्यांदाच माणसासारखा झाला.

"हे खरं आहे?" त्यांनी विचारलं. मला नाही, रंगनाथरावांना.

"कुलथे?"

"खरं आहे."

"तिच्याकडे मूळ प्रत आहे?"

"आहे."

मुळगुंदांनी पेनाचं टोपण लावलं, काढलं, लावलं. "मी दिवसाला दोनशे प्रमाणपत्रांवर सह्या करतो हो," ते म्हणाले. "मला ती मुलगी आठवतसुद्धा नाही. आणि ती ओळ मी लिहिलेली नाही, ती खालून आली. पण आता खोडली तर मग ताप कुठून आला, हे लिहावं लागेल. मुख्याध्यापक जाईल, अधीक्षिका जाईल, आणि मग..."

"मग तुम्ही," रंगनाथराव म्हणाले.

"उत्तर काय द्यायचं?"

"पुन्हा विचारा, कुलथे."

मी पुन्हा विचारलं. मुळगुंदांनी तीन वाक्यं सुरू केली आणि एकही पुरं केलं नाही. तिसऱ्यांदा विचारलं. मी आधीपेक्षा बरा होत होतो. झेरॉक्सच्या समासात मी लाल पेननं खुणाही करून घेतल्या, कुठे थांबायचं, कुठे पदर डोळ्याला. रंगनाथराव खोलीत येरझाऱ्या घालत होते. त्यांच्या सगळ्या वह्यांत या प्रश्नाचं उत्तर नव्हतं, कारण त्याला उत्तरच नव्हतं.

"तुम्ही सांगा," ते वैतागून माझ्यावर आले. "तुम्हीच बाई आहात. तुमचं तोंड कशानं बंद होईल?"

मी जिंकलो होतो. जिंकलेल्या माणसाला विनोद सुचतो. मी पंचा काढून घडी घालता घालता काहीतरी फालतू बोललो. मुळगुंदसुद्धा हसले. मग चहा आला, आणि रंगनाथराव म्हणाले, "बघू उद्याचं उद्या," आणि सराव संपला.

गुरुवारी इंदुबाई धुतलेलं हिरवं लुगडं नेसून आली. मेकअपवालीला तिनं तोंडाला हात लावू दिला नाही. पिशवी आत नेऊ देईनात, तेव्हा पुठ्ठ्याचं कव्हर तिनं छातीशी धरलं. तिच्या ब्लाउजला माईक लावताना मी विचारलं, "लक्षात आहे ना?"

"काढायचा, इचारायचं, गप बसायचं," ती म्हणाली.

स्टुडिओत माझं काम पाट्या दाखवण्याचं. किती वेळ उरला ते मी कॅमेऱ्याशेजारून रंगनाथरावांना दाखवायचो: पाच मिनिटं, दोन मिनिटं, एक, तीस सेकंद. गळ्यात स्टॉपवॉच. आळ्या झाल्या, छप्पर झालं. इंदुबाई शेवटची होती. मी पाच मिनिटांची पाटी दाखवली.

"ताई, नाव काय आपलं?" मुळगुंद म्हणाले.

"इंदुबाई."

"इंदुबाई, आधी पाणी घ्या. लांबून आलात."

"पानी मागून पेईन," ती म्हणाली. "मला एकच इचारायचंय."

मी तिला हे शिकवलं नव्हतं. मुळगुंदांचा पेला हातातच राहिला. ती सुरुवातीपासून सांगू लागली: सतरा नोव्हेंबर, ताप, अहवाल, ती ओळ. चुकत, अडखळत, पण एकेक पायरी उतरत ती खाली येत होती. सासूचं सांगितलं नाही, नवऱ्याचं सांगितलं नाही. मग तिनं कव्हर उघडलं. स्टॉपवॉचवर दोन मिनिटं पन्नास सेकंद उरले होते. रग्गड. तिला अकराच हवे होते.

"ह्यो कागद बगा साहेब. मपली पोर—"

"काय आणलंय, ताई? बघू," रंगनाथराव म्हणाले. ते खुर्चीतून उठून तिच्याजवळ आले होते. कुणी मोठा माणूस उठून आला आणि हात पुढे केला तर आपल्याकडे बाई कागद देते. तिनं दिला.

त्यांनी प्रमाणपत्र कॅमेऱ्यापुढे धरलं. अंगठा बरोबर तारखेवर होता. "आठशे मीटर धावणे, प्रथम क्रमांक," त्यांनी वाचलं. "कुमारी वैजंता धिंदळे." मग ते थांबले. चष्मा काढला. त्यांचा आवाज भरून आला, आणि मी शपथेवर सांगतो, तो खरोखर भरून आला होता. "प्रेक्षकहो, डोंगरातली एक लेक. वाऱ्यासारखी पळणारी. आज आपल्यात नाही. अशा वेळी प्रश्न काय आणि उत्तर काय? माझी सर्वांना विनंती आहे, स्टुडिओतल्या आणि घरोघरच्या. वैजंतासाठी आपण दोन मिनिटं स्तब्ध उभं राहू या."

मुळगुंद ताडकन उठले. प्रेक्षक उठले. आळ्या आणि छप्पर उठले. इंदुबाई सगळ्यांकडे बघत उठली, पदर डोक्यावर घेतला आणि हात जोडले. मुलीसाठी सगळे उभे राहिल्यावर आई बसून कशी राहील?

माझ्या हातातली पाटी खाली आली.

आपल्याकडे दोन मिनिटांची श्रद्धांजली किती वेळाची असते, ते सगळ्यांना माहीत आहे. तिसाव्या सेकंदाला कुणीतरी खोकतं, चाळिसाव्याला 'ओम शांती' होतं. त्या दिवशी रंगनाथरावांनी पूर्ण दोन मिनिटं घेतली. मी एक मिनिटाची पाटी दाखवली, कारण दाखवायची असते. तीस सेकंदांची दाखवली. इंदुबाईनं मधे एकदा डोळे उघडून माझ्याकडे पाहिलं. मी पाटीमागे होतो. मग शीर्षकसंगीत वाजलं, नावं सरकायला लागली. त्यात माझंही होतं.

दिवे गेले. लोक हळू आवाजात बोलत, डोळे पुसत बाहेर पडू लागले. इंदुबाई पुन्हा खुर्चीत बसली होती, पाठ ताठ करून. मी माईक काढायला गेलो.

"आता मी बोलू ना?" तिनं विचारलं.

"कार्यक्रम संपला, इंदुबाई."

"न्हाई, ते उभं राहायचं संपलं. मपलं कुठं झालं?"

मी माईकची वायर गुंडाळत राहिलो.

"समद्यांनी चांगलं केलं," ती म्हणाली. "वैजंतासाठी एवढी मोठी मान्सं उभी राहिली. मपल्या घरची बी बघत असतील. पन वळ?"

"बघतो मी. सांगतो त्यांना."

"मंग कागद द्या मपला. त्यो घेऊन मी आनि कुठं जाईन."

मी मेकअपच्या खोलीत गेलो. मुळगुंद चेहऱ्यावरची पावडर पुसत होते. प्रमाणपत्र त्यांच्या फायलीत होतं. टॅग ओवून झाला होता.

"त्यांचं आहे ते," मी म्हणालो. "त्या मागतायत."

"आता ते रेकॉर्डचा भाग झालं," मुळगुंद म्हणाले. "त्यांना आवक क्रमांक मिळेल. त्यांना सांगा, मी स्वतः लक्ष घातलंय."

मी रंगनाथरावांकडे पाहिलं. ते आरशात टाय सोडत होते. त्यांनी मान हलवली नाही, होकारार्थी नाही आणि नकारार्थीही नाही. हेही शिकवण्यासारखं होतं.

परत स्टुडिओत आलो तर ती दारात उभी होती, पिशवी खांद्याला. रिकाम्या हातानं तिच्यासमोर उभं राहणं मला जमेना. मी माझ्या फायलीतली झेरॉक्स काढली. "मूळ कागद साहेबांनी ठेवून घेतला," मी म्हणालो. "सध्या हा ठेवा. यावर तारीख दिसते, सही दिसते."

तिनं तो दोन्ही हातांनी घेतला. मुलीच्या नावावरून अंगठा फिरवला. मग तिचा अंगठा समासाकडे गेला.

लाल अक्षरं. मला तेव्हा आठवलं.

ती अक्षर लावून लावून वाचायची. मी थांबवू शकलो नाही. "इ… थे… थां… बणे," तिनं वाचलं. "मप… ली… यावर… जोर." खाली आली. "प… दर… डा… व्या… डो… ळ्या… ला."

तिनं वर पाहिलं. माझ्या मिशीकडे, मग माझ्या डाव्या डोळ्याकडे.

"हे कवा लिव्हलं, दादा?"

"काल."

"कुनाम्होरं?"

तिनं मला बोलायला पुरेसा वेळ दिला. मी स्टॉपवॉचचा माणूस आहे, मला कळतं. मग तिनं कागदाची घडी घातली, घडीवर नख ओढलं आणि माझ्या शर्टाच्या खिशात ठेवली.

"ऱ्हाऊ द्या तुमच्याकडं," ती म्हणाली. "तुमाला लागंल."

आणि एसटी स्टँडकडे चालायला लागली.

घरी जाताना रंगनाथरावांनी मला गाडीत घेतलं. केंद्राचे फोन वाजत होते. लोक म्हणत होते, असा कार्यक्रम झाला नाही, जेवणाच्या ताटावरून उठून उभे राहिलो. रंगनाथरावांनी माझ्या गुडघ्यावर थाप मारली.

"कुलथे, मी कुणाचं श्रेय लाटत नाही," ते म्हणाले. "हे तुमचं. काल तुम्ही गंमत म्हणून बोललात, 'माझं तोंड एकाच गोष्टीनं बंद होईल, मुलीला श्रद्धांजली म्हणून दोन मिनिटं उभं करा.' हसलो आपण. पण रात्रभर माझ्या डोक्यात तेच. मी बारा वर्षं बोलणं शिकवतोय, आणि बोलण्याचा शेवट तुम्ही शोधलात."

पुढच्या महिन्यापासून मी 'प्रशिक्षण सहायक'चा 'सहयोगी मार्गदर्शक' झालो. संस्थेच्या पुस्तकात सातवं प्रकरण आलं: 'मौनाचा उपयोग'. त्यात उदाहरण म्हणून तो गुरुवार आहे. नावं बदलली आहेत. दर वर्षी शेदीडशे माणसं ते प्रकरण शिकून बाहेर पडतात, आणि कुठे काही बुडालं, कोसळलं, जळलं, की प्रश्नांआधी उभं राहायची विनंती येते. मी टीव्हीवर ते बघतो आणि ओळखतो, कुठल्या तुकडीचा आहे. मुळगुंद बढती घेऊन निवृत्त झाले. ती ओळ अहवालात आहे.

गेल्या साली रंगनाथराव गेले. शोकसभेला सभागृह भरलं होतं. सगळ्या पक्षांचे लोक होते, सगळेच आमचे विद्यार्थी. भाषणं सुंदर झाली. कुणीही कुठेही अडखळलं नाही. शेवटी सूत्रसंचालकानं दोन मिनिटं स्तब्धतेची विनंती केली. सगळे उठले. माझा हात गळ्याशी गेला. स्टॉपवॉच आता नसतं, पण मोजणं सुटत नाही. अडतिसाव्या सेकंदाला 'ओम शांती' झालं आणि खुर्च्या कुरकुरल्या.

मी उभाच होतो. शेजारच्यानं शर्ट ओढला. "कुलथेसर, बसा." मागच्या रांगेतलं कुणीतरी हलकेच म्हणालं, "किती जीव होता त्यांचा." सूत्रसंचालकानं माझ्याकडे पाहिलं, मला काही बोलायचं असावं असं वाटून माईक पुढे केला, आणि सभागृह गप्प झालं.

ब्याऐंशी सेकंद शिल्लक होते. इंदुबाईचा प्रश्न अकरा सेकंदांचा होता. मला तो पाठ होता, थांबण्याच्या जागांसकट.

मी बसलो.